नववी बाजू

ही गोष्ट खरी आहे. खोटी वाटली तर वाटू द्या. फोटो मागू नका आणि शेडचा पत्ता तर मुळीच मागू नका.

दोन वर्षांपूर्वीचा फेब्रुवारी. गुरुवार. जागा चाकणच्या अलीकडची, कुरुळी फाट्याच्या आतली एक शेड. तुमच्या भुतांना अमावस्येची रात्र लागत असेल. इथे दुपारचे सव्वादोन वाजले होते आणि पत्र्यावर ऊन रणरणत होतं.

समाधान काळेवाडीत माझ्या शेजारच्या खोलीत राहायचा. मूळचा परभणीचा. त्या शेडमध्ये तो लेझर कटिंगचा प्रोग्रॅमर होता. कागदावरची आकृती कॉम्प्युटरवर घ्यायची, मशीनला द्यायची, मशीन पत्रा कापतं. काम चोख. पण स्वतःला सोडून सगळं जग बिनडोक आहे असं त्याचं ठाम मत होतं.

मशीनवर त्याचा मेहुणा ज्योतीराम असायचा. समाधानच्या बायकोचा, साधनावहिनींचा एकुलता एक भाऊ. आई गेल्यावर वहिनींनीच त्याला वाढवलं होतं. त्याला नोकरीला लावताना त्यांनी नवऱ्याला बजावलं होतं, की डोळ्यांत तेल घालून सांभाळा.

बुधवारी संध्याकाळी शेडमध्ये सोजरबाई आली. दिघीची म्हातारी, शेडमालक रोहिदासशेठच्या भावकीतली. हिचा कसलासा मोकळकोनी पंथ. पंथ म्हणजे काय, तर आठ म्हाताऱ्या आणि एक सतरंजी. त्यांचा देव म्हणजे एक आकृती. नऊ बाजूंची. आठ बाजू आठ दिशांच्या, नववी कुणाचीच नाही. म्हणून नववी पुरी काढायची नाही, दोन बोटं फट ठेवायची. आत जे येतं त्याला परत जायला वाट हवी म्हणे.

ही आकृती तिला पितळेच्या पत्र्यावर रेघेरेघेने आरपार कापून हवी होती, म्हणजे फटीपाशी मधला भाग पत्र्याला धरून राहील.

"समदं तुमच्या मनानं करा," ती समाधानला म्हणाली, "पर ती फट बुजवू नका."

समाधानने मान डोलावली. ती वळल्यावर ज्योतीरामकडे बघून डोळा मारला.

गुरुवारी एमआयडीसीला सुट्टी. शेडमध्ये दोघंच. समाधानने आकृती कॉम्प्युटरवर घेतली. सॉफ्टवेअरने लाल रेघ दाखवली, आकृती उघडी आहे. उघडी आकृती प्रोग्रॅमरला खपत नाही. शंभरातल्या नव्याण्णव वेळा ती कुणाच्या तरी गाढवपणामुळे उघडी असते. बोटाला सवय असते.

एक क्लिक.

फट बुजली.

ज्योतीराम म्हणाला, "दाजी, म्हातारी नाही म्हणली होती." समाधानने त्याला म्हातारीची पोथी वाचायला बसवायचं का, असं विचारलं.

मशीनने नऊ बाजू पुऱ्या कापल्या. म्हणजे मधला तुकडा सुटून खालच्या ट्रेमध्ये पडायला हवा. तो सुटला. दोघांनी सुटताना पाहिला.

पण पडल्याचा आवाज…

आलाच नाही.

समाधानने मशीन बंद केलं. ज्योतीराम खाली वाकला, मग आडवा होऊन ट्रेच्या तोंडातून आत सरकला. ट्रेची खोली जेमतेम तीन फूट.

"दाजी, तुकडा दिसतोय," आतून आवाज आला.

"मग घे ना."

"लई लांब गेलाय…"

समाधानला हसू आलं. तीन फुटांत कसला लांब? तेवढ्यात ज्योतीरामचे बूटही आत गेले.

"अजून पुढं हाय…"

आवाज बारीक झाला होता. विहिरीच्या तळातून आल्यागत.

मग तोही नाही.

समाधानने ट्रे ओढून बाहेर काढली. आत तुकडा नव्हता. ज्योतीराम नव्हता. महिनाभर साचलेला पत्र्याचा चुरासुद्धा नव्हता. ट्रे घासून पुसल्यासारखी लख्ख.

पोलीस आले. शेडमधला कॅमेरा नुसता कामगारांना दाखवायला लावलेला, त्याची वायर कुठेच जात नव्हती. रोहिदासशेठने हात झटकले. पोरगं पळून गेलं, पोरी-बिरीचं प्रकरण असेल, असं सगळ्यांनी ठरवून टाकलं. लोकांना एवढं पुरतं.

सोजरबाई आपला पत्रा न्यायला आली. मधलं भोक बघून तिने पत्र्याला हातसुद्धा लावला नाही. समाधान तिच्या पाया पडला. फट पाडून देतो म्हणाला.

"आता कशात पाडतोस? रेघ हाय का तिथं?" ती म्हणाली. "आमी अडाणी, बाबा. पर दार उघडं ठिवायचं तेवढं आमाला कळतं."

आणि गेली.

पुढच्या गुरुवारी समाधान एकटाच शेडमध्ये गेला. ट्रेपाशी बसला. अर्ध्या तासाने आतून, फार लांबून…

"दाजी…"

तो ढसाढसा रडला. आवाज एकच म्हणत होता. वाट सांगा.

चार गुरुवार समाधान वाट सांगत राहिला. आधी आवाजाकडे ये म्हणाला. मग बाहेर पडलास आणि मी नसलो तर घरी ये म्हणून सांगितलं. फाट्यावरून बस, भोसरीला उतर, तिथून पिंपरी, पूल ओलांड, काळेवाडी, पिठाच्या गिरणीची गल्ली, तिसरा मजला. तुझ्यासाठी रात्रंदिवस कडी काढलेली असते, तुझी बहीण साधना वाट बघतेय. दर गुरुवारी आवाज थोडा जवळ येत होता.

पाचव्या गुरुवारी त्याने वहिनींना सोबत नेलं.

वहिनी ट्रेपाशी वाकल्या. "ज्योत्या, मी आले रे."

त्यांनी कान ट्रेच्या तोंडाशी नेला.

मग अगदी जवळून, हात घातला तर लागेल इतक्या जवळून…

"आलोच, साधना."

वहिनी उठून मागे सरकल्या. चेहरा पांढराफटक.

"ह्यो ज्योत्या न्हाई," त्या म्हणाल्या. "माझा भाऊ मला अक्का म्हणतोय. त्यानं जल्मात माझं नाव घेतलं न्हाई. अहो, तुमी कुणाला घरी बोलावलंय?"

ज्योतीराम आजतागायत सापडलेला नाही. त्या दोघांनी त्याच रात्री खोली सोडली आणि परभणी गाठली. वहिनी नवऱ्याशी बोलत नाहीत असं ऐकतो. मी समाधानला फोन करून एकच गोष्ट विचारली. आमच्या तिसऱ्या मजल्यावर दोनच दारं आहेत, डावं त्यांचं, उजवं माझं. वाट सांगताना तू कुठलं दार सांगितलंस?

हा माणूस मिलिमीटरच्या दहाव्या भागापर्यंत मापं सांगायचा.

त्याला आठवत नाही.