बोर्डामागची जागा

चार सिमेंट बोर्ड. अठ्ठेचाळीस स्क्रू. एक ड्रिल. एक पहार. बारीक तारेचा एक थर्मामीटर. आणि आम्ही चौघं: दादा, वहिनी, मी आणि त्यांची तीन आठवड्यांची चिमी.

त्या संध्याकाळी घरात एवढंच होतं. मी मोजलं होतं, म्हणूनच छातीठोकपणे सांगते, हे घडलंय.

चिमी दिवस भरायच्या आधीच जन्मली होती. "तिला ऊब कमी पडू देऊ नका," डॉक्टरांनी बजावलं होतं. बाहेर बर्फ. ऊब म्हणजे फक्त आमची फायरप्लेस, आणि तिच्याभोवतीचं लाकूड करपू लागलेलं. म्हणून फरश्या बसवणारा आमचा दादा तिथे न जळणारे सिमेंट बोर्ड लावत होता.

"बोर्ड भिंतीला चिकटवायचा नाही," दादा म्हणाला. " मागे बोटभर जागा सोडायची, हवा खेळायला."

"जागा दिसली की कुणीतरी मुक्कामाला येतंच," वहिनी म्हणाली. "तुझ्या मामासारखं."

हसत हसत दादाने शेवटच्या बोर्डावर तीनदा टकटक केलं.

आतून उत्तर आलं...

चार वेळा.

"पोकळ आहे, घुमतं," दादा म्हणाला.

घुमेलही. पण प्रतिध्वनी आकडा वाढवत नाही.

जाळ पेटवला. लाकडं धडधडून पेटली. तरी खोली गारच.

बोर्डाला हात लावला... बर्फ.

चिमीचे ओठ निळसर दिसले. तिच्या काखेत तार धरली. पस्तीस अंश. अंगाला सदतीस हवेत.

आणखी लाकडं घातली.

चौतीस.

"अरे, काहीतरी करा ना!" वहिनीने तिला उराशी आवळलं. बाहेर न्यावं, तर वाटेतच गारठली असती.

मग बोर्डामागून आवाज आला...

चुटुक. चुटुक. तान्हं बाळ दूध ओढतं, तसा.

दादाने पहार घातली. एक बोर्ड निघाला. मागे काही नाही. दुसरा. काही नाही. तिसरा उखडला आणि चिमी किंचाळून रडली. हळूहळू तिचा आकडा चढला. छत्तीस.

चौथा बोर्ड... हलेचना. दोघांनी जोर लावला, पहार वाकली.

"राहू दे! चला!" वहिनी ओरडली. चिमीला तीन रजयांत गुंडाळून आम्ही शेजारच्या काकूंकडे धावलो.

चिमी वाचली. आम्ही घर सोडलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी कपडे आणायला मी आणि दादा गेलो. राख थंडगार होती. खोलीचं तापमान घेतलं. दोन अंश.

"नको," दादा म्हणाला.

मी चौथ्या बोर्डामागच्या फटीत तार सरकवली.

सदतीस.