वडीलकीची साक्ष

केतकगडाच्या पूर्वेकडल्या कड्यावर पहिले ऊन चढले तेव्हा खालचे सोनवळ खोरे अजून धुक्यात बुडालेले होते, आणि माडीच्या जाळीतून म्हाळसाबाई त्या धुक्याकडे पाहत उभ्या होत्या. गेले अठरा दिवस त्यांना एवढाच झरोका उरला होता. दाराबाहेर पहारा होता, आणि तो बसवला होता त्यांच्या पोटच्या मुलाने, नागोजीरावांनी.

सोनवळचे देशमुख वारले त्याला वर्ष होत आले होते. मागे दोन मुलगे राहिले. थोरल्या सवतीचा परसोजी आणि म्हाळसाबाईंचा नागोजी. दोघे एकाच दिवशी, एकाच छपराखाली, भिंतीच्या अल्याडपल्याड जन्मलेले. थोरल्या बाई दहाव्या दिवशी गेल्या आणि म्हाळसाबाईंनी दोन्ही लेकरांना अंगावर पाजून वाढवले. जमिनीची निम्मेनिम वाटणी दोघांनाही मान्य होती. अडले होते ते वडीलकीवर, कारण जो वडील ठरेल त्याच्याकडे शिक्का, गोतातला पहिला मान आणि हा गड जाणार होता. आधी कोण जन्मले हे जाणणारी सुईण केव्हाच वारली होती. आता ते जाणणाऱ्या एकट्या म्हाळसाबाईच होत्या. नागोजीने परसोजीला बेलभंडाऱ्याची शपथ पाठवून बोलणी करण्यासाठी गडावर बोलावले, दारूकोठाराशेजारी कोंडले, आणि खाली मात्र पाहुणे म्हणून राहिल्याचा निरोप धाडला.

नागोजीराव आत आले आणि उंबऱ्याशीच थांबले.

"आईसाहेब, निवाडा करायला गोताचे पाच जण पायथ्याशी आले आहेत. दुपारी सदरेवर पडद्याआडून आपली साक्ष होईल. नागोजी आधी जन्मला, एवढेच सांगायचे."

"आणि नाही सांगितले तर?"

"तर परसोजी कड्यावरून पाय घसरून पडले, असे गोताला कळेल." त्यांनी मान वर केली नाही. "सांगितलेत तर त्यांची निम्मी जमीन त्यांना मिळेल. जीवही राहील."

"हे कुणी शिकवले तुला?"

"धाकटीचा म्हणून वर्षभर लोक मलाच धाकटा धरत होते. त्यांनीच शिकवले."

ते गेल्यावर म्हाळसाबाई जाळीशेजारी बसून राहिल्या. खरे सांगावे तर परसोजीचा जीव जात होता. खोटे सांगावे तर मरताना ज्या सवतीने आपले मूल त्यांच्या ओटीत घातले, तिच्याशी बेइमानी होत होती. आणि शपथ देऊन कोंडलेल्या भावाला नागोजी खाली जाऊन बोभाटा करू देईल, हे तरी कसे घडावे? खोट्यानेही तो वाचणार नव्हता. चारी बाजूंनी कोंडी झाली होती. दुपारपर्यंत त्यांनी पाण्याचा घोटही घेतला नाही.

सदरेवर पडदा बांधला गेला. तटावर चाळीस बंदूकवाले बंदुकांच्या वाती, तोडे, पेटवून उभे होते. गोतात सर्वांत वृद्ध असलेले विठोजी नाईक पडद्यासमोर बसले आणि म्हणाले, "बाईसाहेब, कुळस्वामीला स्मरून सांगावे. वडील कोण?"

"सांगते. पण परसोजीरावांच्या तोंडावर सांगेन. माघारी बोलले तर उद्या ते म्हणतील, सावत्र आईने पाठीमागे घात केला, आणि हा तंटा माझ्या नातवंडांपर्यंत चालेल."

नागोजीरावांचा चेहरा उजळला. याहून भक्कम साक्ष त्यांना तरी कुठे हवी होती? त्यांनी पहाऱ्याच्या जमादाराला खूण केली. परसोजींना आणले गेले. डोईला पागोटे नीट बांधलेले, हात मात्र शेल्याखाली.

"जवळ या," म्हाळसाबाई म्हणाल्या. पडद्याआडून हात आला, त्याने परसोजींचे मनगट धरले, आणि दुसऱ्याच क्षणी पडदा सारून त्या भर सदरेत उभ्या राहिल्या. देशमुखांच्या घरची बाई अशी समोर आलेली पाहून पाचही जण उठले.

"मी कळा देत असताना भिंतीपलीकडे मूल रडले, ते हे परसोजी. दिवस कलल्यावर नागोजी झाला. परसोजी वडील. आणि नाईक, हे इथे पाहुणे नव्हते. यांचे मनगट पाहा."

दोराचे वळ सर्वांनी पाहिले.

म्हाळसाबाई परसोजींना आपल्या अंगाआड घेऊन दरवाजाकडे निघाल्या. गोताचे लोक मागोमाग आले.

"दरवाजा उघडू नका," नागोजी म्हणाला. तटावरच्या बंदुका खाली वळल्या.

म्हाळसाबाई थांबल्या. "नागोजी, दुसऱ्याला सांगू नकोस. तुझा नेम चांगला आहे. बंदूक तू घे."

नागोजीचा हात बाजूच्या शिपायाच्या बंदुकीपर्यंत गेला आणि तिथेच राहिला. मग, कोणाच्याही हुकमावाचून, जमादाराने अडसर काढला.

पायथ्याशी परसोजींनी पालखी आणवली. "आईसाहेब, आता घरी चलावे."

"माझे घर वर आहे."

"तो दार उघडणार नाही."

"मग दाराशी बसेन. तुला गोत आहे, परसोजी. त्याला आज कोणी उरले नाही."

त्या एकट्या गड चढून गेल्या. तिसऱ्या दिवशी दुपारी नागोजीने स्वतः दार उघडले.

गोताने महजर, म्हणजे निवाड्याचा कागद, केला. शिक्का आणि पहिला मान परसोजींना, जमीन निम्मेनिम. आणि आईसाहेब हयात आहेत तोवर गड मागणार नाही, असे परसोजींनी आपल्या हाताने खाली लिहून दिले. नागोजीने तक्रार केली नाही. तो रोज आईच्या पंगतीला जेवे, पण तिच्याशी बोलत नसे. अशी चार वर्षे गेली.

मग म्हाळसाबाईंना ताप आला. उशाशी बसलेल्या नागोजीने विचारले, "त्या दिवशी मी बंदूक उचलणार नाही, हे तुम्हाला ठाऊक होते?"

"नाही रे बाळा," त्या म्हणाल्या. "पावलागणिक वाटत होते, आता वाजेल."