चारशे सह्या

पोस्टाच्या ओल्या पायरीवर मास्तरीणबाईंचा पाय घसरला, शालीखालचं पुडकं सुटलं आणि फरशीभर कागदच कागद झाले. चारशे बायकांच्या सह्या! लग्नानंतरही बाईला स्वतःची कमाई आणि स्वतःची लेकरं राखता यावीत, एवढंच मागणं. पण त्यापायी गेल्याच आठवड्यात सह्या गोळा करणाऱ्या दोघी कोठडीत गेल्या होत्या.

खिडकीमागचा कारकून धावत आला. कागद गोळा करता करता वाचायलाच लागला. तिने झटकन हात पुढे केला.

"द्या इकडे..."

"आत्ता नको," तो पुटपुटला. "मागून पोलीस शिपाई येतोय."

आत जाऊन त्याने पुडकं खुर्चीवर ठेवलं आणि खुशाल त्यावर बसला.

"इथे कुणी बाई कागद घेऊन आली होती?" शिपायाने दरडावलं.

"पोस्टात... सगळेच कागद घेऊन येतात, साहेब."

ती तिकीट चिकटवायला गेली, पण जिभेला ओल कुठली! शिपाई तिला न्याहाळत निघून गेला.

"माफ करा हं," कारकून घाम पुसत म्हणाला, "तुमच्या चारशे मैत्रिणींवर बसलोय."

ती हसली आणि पुडकं परत घेतलं.

मग पोस्टात जायला रोज काही ना काही निमित्त निघू लागलं. "पुन्हा पोस्टात दिसलीस तर शाळेत शिकवणं बंद," घरी थोरल्या भावाने, दादाने बजावलं. तरी ती जायचीच, वळून वळून मागे बघत.

सह्यांचा अर्ज कायदेमंडळाला द्यायच्या आदल्या दुपारी तो खिडकीतून म्हणाला, "मला... तुमच्याशी लग्न करायचंय."

ती म्हणाली, "लग्न झालेल्या बाईची सही नवऱ्याच्या संमतीशिवाय कचऱ्यात जाते. म्हणूनच या चारशेही जणी विधवा नाहीतर बिनलग्नाच्या आहेत. पहिली सही माझी आहे."

"मग देईन की संमती!"

"तीच तर मागायची नाहीये मला."

तो म्हणाला, "मग कायदा बदलेपर्यंत थांबतो."

"म्हातारे व्हाल."

"तुम्ही काय, अशाच राहणार आहात?"

दुसऱ्या दिवशी सभागृहाच्या दाराशी दोन्ही बाजूंना शिपाई होते, आणि गर्दीत दादा. तिने पुडकं छातीशी घट्ट धरलं. तेवढ्यात खिडकी बंद करून आलेला कारकून शेजारी उभा राहिला, पांढराफटक.

"घाबरलात?"

"भयंकर. तुम्ही?"

"मीसुद्धा," ती म्हणाली, आणि दादाच्या देखत तिने त्याचा हात धरला.