जोडी नसलेला ठिपका

साताऱ्याबाहेरच्या टेकडीवर असलेल्या स्मृती संशोधन केंद्रातली ती खोली इतकी पांढरीशुभ्र होती, की वृंदाला आपल्या धुळकट चपलांचीही लाज वाटली. तिची पाच वर्षांची शर्वाणी मात्र स्टुलावर बसून मजेत पाय हलवत होती. तिच्या डोक्यावर जाळीची लहरटोपी होती. मेंदूत उठलेली प्रत्येक लहर ती टोपी भिंतीवरच्या पडद्यावर रेखाटून दाखवायची.

"खरं सांगा, घरी किती तालीम घेतलीत?" केंद्राच्या प्रमुख डॉ. नाडगौडा चष्म्यावरून बघत म्हणाल्या. "इथे येणारी सगळी आईबापांनी पढवलेली मुलं असतात. एकाला तर सगळं पंचांग पाठ होतं, पण समोरची खुर्ची कुठल्या रंगाची होती ते सांगता येईना."

वृंदाच्या कानशिलांवर रक्त चढलं. बालवाडीच्या बाईंनी हेच म्हटलं होतं, जाऊबाईंनी हेच म्हटलं होतं. लेकीला जे दिसतं ते खरंच दिसतं, एवढंच तिला कुणाकडून तरी ऐकायचं होतं.

"मी बीएस्सी आहे, मॅडम. पोटच्या पोरीला पोपट करायला मला काय वेड लागलंय?"

डॉ. इनामदारांना हसू आवरेना. केंद्रातले ते सगळ्यात तरुण शास्त्रज्ञ. त्यांनी वृंदाला बाजूला घेऊन समजावलं. "आपण मोठी माणसं घर बघतो आणि 'घर' एवढा शब्द जपून ठेवतो. कौलं कशी होती हे आठवायला गेलो, की मेंदू ती नव्यानं रचतो, मग चुकीची का असेनात. काही लहान मुलांना मात्र चित्र समोरून काढलं तरी तिथेच दिसत राहतं. आम्ही त्याला दृक्छाया म्हणतो. मुलानं चित्राला नाव दिलं, त्याची गोष्ट केली, की छाया विरते, आणि एकदा विरली की पुन्हा उमटत नाही. म्हणून इथे 'काय दिसतंय' असं कुणी विचारायचं नाही. बोटानं काढू द्यायचं."

"आणि ती थापा मारत नाही हे कशावरून कळणार?"

"ठिपक्यांवरून. काल तिच्या डाव्या डोळ्याला हजारो ठिपक्यांचं एक चित्र दाखवलं. आज उजव्या डोळ्याला दुसरं दाखवू. एकेकटं बघितलं तर नुसता ठिपक्यांचा कचरा. दोन्ही एकावर एक आली, तरच मधला आकार वर तरंगतो. कालचं चित्र तिच्या डोळ्यांपुढे शाबूत असेल, तरच तिला तो दिसेल." मग ते हळूच म्हणाले, "कालच्या लहरी बघितल्या मी. असं मूल लाखात एक असतं हो!"

शर्वाणीला घेऊन ते आतल्या खोलीत गेले. नाडगौडाबाई आधीच तिकडे गेल्या होत्या. वृंदा एकटीच उरली. समोर तिवईवर आजचा ठिपक्यांचा फलक होता.

लाखात एक. ते शब्द ऐकून छाती भरून आली आणि त्याच क्षणी भीतीही वाटली. असं कुणी तोंड भरून बोललं, की घरी ती लेकीच्या गालाला तीट लावायची. आता पोर आत होती. वृंदानं पर्समधून काजळाची डबी काढली, केसांतला आकडा काजळात बुडवला आणि फलकाच्या कोपऱ्यात, बाकीच्या ठिपक्यांएवढाच, एक ठिपका टेकवला. मग आकडा केसांत खोचून काही झालंच नाही अशी शांत बसली.

चाचणी सुरू झाली तेव्हा तिला काचेपलीकडे बसवलं होतं. शर्वाणीच्या डाव्या डोळ्यावर पट्टी होती. फलकाकडे बघत तिनं कोऱ्या पाटीवर बोट फिरवलं. एक वळण, मग उलटं वळण. चंद्रकोर! इनामदारांनी मूठ आवळली. पण पोर तेवढ्यावर थांबली नाही. पाटीच्या कोपऱ्यात तिनं बोट टोचलं.

"हा तिथला नाहीये."

"चुकली," नाडगौडाबाई म्हणाल्या. "संगणकातल्या मूळ चित्रात असा ठिपकाच नाही."

"मॅडम," काचेच्या दारात उभं राहून वृंदा कशीबशी म्हणाली, "तो माझा आहे. काजळाचा. दृष्ट लागू नये म्हणून..."

बाईंनी फलक भिंगाखाली धरला, बराच वेळ शोधला. मग त्या खुर्चीत बसल्या आणि पोट धरून हसल्या.

"अहो, मला भिंगानं सापडेना! कालचं चित्र डोळ्यांपुढे असल्याशिवाय, हजारांतल्या ह्या एकालाच जोडी नाही हे कुणाला कळणार? इतकी चोख परीक्षा आम्हांला सुचली नव्हती. इनामदार, लिहा. दृक्छाया आहे." आणि वृंदाकडे वळून त्या म्हणाल्या, "माझं चुकलं, बाई."

वृंदानं मान ताठ केली. जाऊबाई आत्ता इथे हव्या होत्या.

जेवणानंतर नव्या चित्रांची जोडी घेऊन पुन्हा चाचणी झाली. दुसरा फलक समोर आला, तरी शर्वाणीचं बोट पाटीला लागेना. भिंतीवरची दृक्छायेची लहर सरळ रेषेसारखी आडवी पडली होती.

"आई," ती एकदम म्हणाली, "तो सकाळचा ठिपका हरवला होता. सगळ्यांना दोन दोन घरं, त्यालाच नाही. मग तो चालत चालत निघाला."

इनामदार खाली बसले. "संपलं. बाकी एकाही ठिपक्याला शब्दाची गरज नव्हती. ज्याला जोडी नव्हती, त्याचंच तिला कोडं पडलं. कोड्याची गोष्ट झाली, आणि गोष्टीनं छाया खाल्ली. सॉरी, ताई."

वृंदानं केसांतला आकडा चाचपला. तिच्याच बोटांनी... पण शर्वाणी हातवारे करत सांगत होती, डोळे लकाकत होते, आणि हे तर कुणीच तिला दाखवलं नव्हतं!

"मग तो चंद्राच्या टोकावर जाऊन बसला."

"नाही गं," इनामदार न राहवून म्हणाले. "तो तर खाली कोपऱ्यात होता. आठवत नाही का?"

"आठवतंय की," शर्वाणी म्हणाली. "पण तिथे त्याला करमत नव्हतं. म्हणून मी नेला."