ताईच्या मशीनचा आवाज

हे मी कुणाला घाबरवायला सांगत नाहीये. घाबरायलाही सवड लागते, ती आमच्याकडे कधी नव्हती. पण घडलंय ते खरं आहे. आणि भरदुपारी घडलंय, लख्ख उजेडात, डोक्यावर पंखा फिरत असताना.

मी आणि माझी थोरली बहीण, आमचं शिवणाचं दुकान आहे. जिना चढून गेलं की एक लांबट खोली. खिडकीशी ताईचं मशीन. माझं भिंतीकडे तोंड करून, म्हणजे ताई माझ्या पाठीमागे. मधे कापायचं टेबल. टोकाला पडदा, त्याच्याआड काज-बटणं करणारी मावशी बसायची.

पहिला आवाज मास्तरांचा.

मास्तर म्हणजे आमचे कटिंगवाले. कापडाला हात लावण्याआधी कात्री टेबलावर दोनदा आपटायची, ही त्यांची खोड. ते वारले. त्यानंतर बरेच दिवस खोली गप्प होती. मग एका दुपारी…

टक… टक.

मी ताईकडे वळून पाहिलं. टेबलावर नुसतं कापड पडलेलं. कात्री खिळ्याला.

"उंदीर असेल," मी म्हणाले.

"उंदीर कटिंग करणार असेल तर ठेवून घेऊ. मास्तरांपेक्षा कमी बोलेल," ताई म्हणाली आणि पाय परत पॅडलवर ठेवला.

तुम्ही म्हणाल, जागा का नाही सोडली? सोडून जाणार कुठे? शाळेचे गणवेश डोक्यावर होते. आणि आवाज काही चावत नव्हता.

हळूहळू आणखी ऐकू यायला लागलं. आमच्याआधी तिथे कुणी राहत असावं. पातेल्यावर झाकण पडायचं. एक बाई कुणाला तरी थोपटत गुणगुणायची…

आम्ही मान वर करणंही सोडून दिलं.

तिथेच चुकलो.

एकदा चहाच्या वेळी पडद्याआडून मावशीचा खोकला आला. दोन कोरडे ठसके, मग "अगं आई गं". ताईनं कप भरून पडद्याखालून आत सरकवला.

"मावशी, निवतोय."

"ठेव गं तिथेच…"

रोज म्हणायची तेच.

दिवे लागायच्या वेळी मावशीचा जावई वर आला. दारातच उभा राहिला. म्हणाला, "आई सकाळपासून तापानं पडून होत्या. शुद्धच नव्हती. आत्ता गेल्या."

ताईनं पडदा सारला.

स्टूल रिकामं. कपावर साय धरलेली.

मास्तर गेल्यावर त्यांचा आवाज आला होता. मावशी मात्र दुपारी जिवंत होती. आपल्या घरी, अंथरुणात. खोलीनं तिला आधीच धरलं होतं…

यावर विचार करायला सवड कुठे होती? काम होतं. शिवाय ताईला तेव्हापासून धाप लागायला लागली होती. डॉक्टर म्हणाले, आराम करा. ताई म्हणाली, मग गणवेश तुम्ही शिवा.

आणि मग ती दुपार.

मी कॉलर लावत होते. मागे ताईचं मशीन चाललेलं. तिची शिलाई मी झोपेतही ओळखेन. तीन छोट्या धावा, थांबणं, एक सुस्कारा.

"ताई, दोरा पांढराच ओवलास ना?"

"हं…"

तेवढ्यात जिन्यावर पावलं वाजली.

दार उघडलं. दारात ताई. हातात बटणांची पुडी, धापा टाकत.

"कुणाशी बोलतेस गं?"

माझ्या पाठीमागे मशीन अजून चालूच होतं. एक धाव… सुस्कारा…

बंद.

ताईनं पुडी टेबलावर ठेवली. घाम पुसला. "मीच आहे वाटतं," एवढंच म्हणाली.

मी तिला त्याच पावली घरी नेलं. दुसऱ्या दिवशी तिचं मशीनही तिच्या घरी हलवलं. म्हटलं, तिथे बसून शीव, या खोलीत पाऊल टाकू नकोस. पण खिडकीशी रिकाम्या जागेत मशीन चालतच राहिलं. रोज. ते सुरू झालं की मी फोन लावायचे.

"काय करतेयस?"

"मेले नाही अजून. फोन ठेव, बाही उसवतेय."

असे किती महिने गेले. ताई आहे. डॉक्टरांनाही नवल वाटतं. मलाच हायसं वाटायला लागलं होतं.

गेल्या आठवड्यात फोन उचलून ताई म्हणाली, "अगं, आत बसून फोन काय करतेस?"

"आत कुठे?"

"स्वयंपाकघरात. मघापासून काय करतेयस, काय करतेयस. किती वेळा सांगू?"

"ताई… मी दुकानात आहे."

पलीकडे मशीन थांबलं. नुसती तिची धाप.

"बरं," ती म्हणाली. "मग येताना सुया आण."

तेव्हापासून मी रात्री तिच्याकडेच झोपते. मी ठणठणीत आहे. दमलेय, पण ते काय आजचं नाही. दिवसा मी दुकानात गेले, की तिच्या स्वयंपाकघरात माझा आवाज येतो. तिला त्याचं काही वाटत नाही.

काल जेवताना मी विचारलं, "तू तिला उत्तर देतेस?"

"देते की. इतक्या काळजीनं विचारते बिचारी. सांगते, बरी आहे म्हणून."

"मग गप्प होते?"

ताईनं घास खाली ठेवला. माझ्याकडे पाहिलं नाही.

"नाही गं. ऐकूच जात नाही तिला. विचारत राहते… आणि मग रडते."

मी त्या घरात कधी रडलेले नाही.

अजून तरी.