सायबाचं पान

अभ्या माझा पोरगा आसला म्हनून काय झालं? वर एसीत बसून मला शिकवतोय, दादा, खाली पोरांना भुताबिताचं सांगू नका. आरं, खोटं सांगतोय का मी? धाव्या मजल्यावरचा प्रबोध खोटं बोलंल? बस अनिश. पूर्वी, तूबी बस बाळ.

ह्यो प्रबोध युनिव्हर्सिटीत एका मेलेल्या इंग्रजाचं चरित्र लिवतोय. सायब राणीच्या काळातला. वकील. सवताच्या विलायतेतल्या गावाचा इतिहास लिवला, आन् विनकरांच्या गिल्डचा कारभार बघितला. गिल्ड म्हंजे धंदेवाल्यांची पंचायतच. वर्साच्या जेवनावळीला सायब सवता दारात खुर्ची टाकून बसायचा. सभासद न्हाई, त्यो आत न्हाई. सख्ख्या भावाला उपाशी परत धाडला म्हनं. हे सांगताना प्रबोध लई हसायचा.

मागची सर्वपित्री. बायको पुन्याला गेलती, म्हनून दुपारी ह्यानं एकट्यानंच बापाचं पान वाढलं. बाप दोन वर्सांमागं गेला. ह्यो हितनं, ह्या परमुलखातल्या चोआ चू कांगातनं गावी पोचस्तोवर राख झालती. त्ये मनाला लागलेलं. पन यड्यानं बापाशेजारी सायबाचंबी पान वाढलं. मागं कोन न्हाई बिचाऱ्याला, म्हनला. या सायब, जेवा.

कॉरिडॉरच्या कठड्यावर दोन पानं. कावळा आला. सायबाच्या पानातला वडा उचलला. बापाच्या पानाकडं मानबी वळवली न्हाई. प्रबोध हात जोडून उभा. आन्ना, चुकलो, म्हनत ऱ्हायला. कावळा गेला त्यो गेला.

रात झाली. प्रबोध दिवा मालवून पडला.

हॉलमदी खुर्ची सरकली. घासत... घासत... दारापाशी थांबली.

मग बाहेर खोकला.

वळखीचा.

"बाळ्या... दार काढ रं. भूक लागलीया."

पळाला ह्यो. दाराला पाठ लावून खुर्ची. रिकामी. वढली... हलंना. दोनी हातांनी वढली. जड. खुर्चीवरची हवा गार...

कानापाशी कुनीतरी इंग्रजीत इचारलं. हळू. बाहेरच्याचं नाव काय?

प्रबोधनं बापाचं नाव सांगितलं.



"न्हाई," म्हनला सायब.

बाहेर एकदा खोकला झाला. मग त्योबी न्हाई.

उजाडलं तवा खुर्ची हलली. दार उघडलं. बाहेर बापाच्या वहाना. आत यायला काढून ठेवाव्या तशा, नीट जोडीनं. काळ्या चिखलानं भरलेल्या. मी सवता बघितल्या. ह्या कॉरिडॉरात कुठला आलाय काळा चिखूल?

उद्या परत सर्वपित्री हाय. ह्यो आवंदाबी दोन पानं वाढनार. सायब चिडंल म्हनून भितोय. माझं ऐकत न्हाई. मी शिव्या घालतो, त्यो दार लावून घेतो.

अनिश, तुझ्यावर जीव हाय त्येचा, तुझं ऐकतो त्यो. ऊठ. वर जा, आन् उद्या बापाचं एकच पान वाढ म्हनून सांग त्येला.