शेपटाकडची सीट

लेक विमानात भोकाड पसरेल आणि आपली नोकरी जाईल, या काळजीनं तिचा रात्रभर डोळ्याला डोळा लागला नव्हता. सासूबाईंचा पाय मुरगळलेला, शेजारीण परगावी. आणि नवऱ्यानं फोनवरून "बघ काहीतरी" एवढा मोलाचा सल्ला दिलेला. शेवटी चार वर्षांच्या चिऊचं तिकीट काढून ती तिला कामावरच घेऊन आली. हवाईसुंदरी म्हणे! सुंदरीच्या खांद्यावर दुधाचा डाग होता.

विमान पंख्यांचं, लहानसं. कंपनीनं ते सरकारकडून जुनं घेतलेलं. पूर्वी ते दूरच्या बेटांवरचे रुग्ण आणायचं. मागच्या रांगेच्या जागी तेव्हा स्ट्रेचर असे. आता तिथे निळ्या सीटा होत्या, पण ढगाळ हवेत गालिच्याखालून अजून औषधाचा वास येई.

लहान विमानात वजन नीट वाटून घ्यावं लागतं. "पुढे भार झालाय, कोणाला तरी मागे पाठव," कॅप्टन म्हणाले. तिनं एका जाडजूड काकांना गोड बोलून शेवटच्या रांगेत नेलं आणि चिऊलाही त्यांच्या शेजारी बसवलं. एका फेरीत दोन कामं उरकली म्हणून स्वतःवर खूशही झाली.

विमान वर गेलं आणि काका तडक पुढे आले.

"मॅडम, मी काही मागे बसणार नाही."

"का हो?"

"कोणीतरी कण्हतंय तिथे..."

"पंख्यांचा आवाज असेल, काका."

"असेल. मग तुम्ही बसा." त्यांनी पुढच्या सीटवर बैठक मारली. तिनं कॅप्टनना तसं कळवलं.

तेवढ्यात विमान ढगांत शिरलं, हादरू लागलं. कॉकपिटच्या दाराशी असलेल्या घडीच्या सीटवर तिनं स्वतःला पट्ट्यानं बांधून घेतलं. तिथून चिऊच्या केसांतला भांग तेवढा दिसत होता. मान खाली, रडणं नाही. कोणावर गेलीय इतकी शहाणी, तिला वाटलं. आपल्यावर तर नक्कीच नाही.

भिंतीवरचा फोन वाजला.

"काका पुढे आले, तरी शेपूट जड होत चाललंय," कॅप्टन म्हणाले. "मागे कोण आहे?"

"कोणी नाही, सर. फक्त चिऊ."

सरकारी नोकरीत असतानाही कॅप्टन हेच विमान उडवत.

"तिला पुढे आण..."

"काय झालं, सर?"

"आण म्हणतो ना."

ती उठली, तोच विमान खाली कोसळल्यासारखं झालं आणि ती सीटवर आपटली. पुन्हा उठली, पुन्हा तेच. "चिऊ," तिनं हाक मारली. चिऊनं मान वर केली नाही. ओठांवर फक्त बोट ठेवलं.

चाकं जमिनीला टेकली, विमान थांबायच्या आतच ती मागे धावली. औषधाचा वास आता घशात बसत होता. चिऊ गुडघे जुळवून ताठ बसली होती, आणि मांडीच्या वर, हवेतच, तिचा तळहात हळूहळू फिरत होता. कोणाला कुरवाळावं तसा.

"चल राजा, उतरायचंय ना..."

तिनं पट्टा सोडला, काखेत हात घालून लेकीला उचलू गेली. चिऊ तसूभरही हलली नाही. तिचा फ्रॉक मांडीवर दबून चपटा झाला होता.

"आई, अशी नको ना ओढू," चिऊ कुजबुजली. "डोकं मी धरलंय. तू पायाकडून उचल."